सगाईचा बैल

धुळवडीच्या सकाळी तांड्यातल्या बायका तांडाप्रमुख नायकाच्या घरापुढं रिंगण धरून लेंगी, म्हणजे होळीचं गाणं, गात होत्या, आणि ती लेंगी कानावर पडताच पुष्पाच्या हातातलं गुलालाचं ताट खाली पडलं.

"रिव्हर, कॉपर, लॅडर रे भिया... ऑर्फन, सॉल्ट, विंडो रे..."

सुखीबाई काकी पुढं म्हणत होती. मागून पंधरा-वीस जणी टाळीवर टाळी देत तेच ओढत होत्या. शब्द इंग्रजी, चाल आजीच्या आजीची, आणि अर्थाशी एकीलाही देणंघेणं नव्हतं. पुष्पा मात्र शब्द मोजत होती. बाराच्या बारा शब्द, एकही मागंपुढं न होता, भर चौकात, ढफाच्या तालावर!

आता त्या बारा शब्दांत एवढं काय होतं ते आधी सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल, पोरगी भांग पिऊन आली होती. आणि हेही सांगून ठेवतो, की ही माणसं बंजारा, घरात आपल्या गोरबोलीत बोलतात. त्यांचं बोलणं मी वऱ्हाडीत सांगतोय ते तुमच्या सोयीसाठी.

तांडा दिग्रसजवळचा. पुष्पाचा बाप हरिसिंग राठोड काळी-पिवळी चालवतो. आई रुपीबाई, पोरं तिला याडी म्हणतात, आणि मोठा भाऊ बादल, तो दिग्रसला मोबाइलच्या दुकानात कामाला. त्यानंच दोनेक वर्षांमागं पुष्पाच्या फोनवर एक गेम लावून दिला. त्याचं इंग्रजी नाव भलतंच लांबलचक होतं. पुष्पा त्याला लदेणी म्हणायची, कारण होतं तेच. बैलांच्या पाठीवर मीठ लादायचं, वाळवंट तुडवत पलीकडं न्यायचं आणि विकायचं. तिच्या पणज्यानं उभा जन्म जे केलं, ते ही पोरगी खाटेवर बसून अंगठ्यानं करायची. पण हसण्यावारी नेऊ नका. त्या गेममधला बैल ज्याच्या नावावर तो त्याचा, आणि विकला तर खरे पैसे यायचे. बैल आणि कॉइन, दोन्ही वॉलेटमध्ये राहायचं. पुष्पानं कशिद्याच्या मजुरीतून थोडेसे कॉइन घेऊन सुरुवात केली, आणि बैलाचे बैल करत गेली.

वॉलेट काढून दिलं त्याच दिवशी बादलनं तिला समोर बसवून सांगितलं होतं. "हे बारा शब्द म्हणजे चाबी. फोन हरवला तरी हे टाकले की वॉलेट उघडते. तुनं टाकले तरी उघडते, चोरानं टाकले तरी उघडते. बँकेत निदान सायबाले सांगता येते, इथं सायबच नाही. फोनात ठेवू नको, कोणाले सांगू नको."

"कागदावर लिवू?"

"आपल्या घरात? याडी कागद दिसला की चुलीत घालते. डोक्यात ठेव."

तिनं डोक्यात ठेवले. आणि तांड्यातल्या पोरीच्या डोक्यात चालीशिवाय काही टिकतं का? तिनं बारा शब्दांना लेंगीची चाल लावली. कापडावर टाके घालताना, भाकरी थापताना ओठातल्या ओठात म्हणायची. तिला वाटायचं, आपल्याशिवाय कोणाला ऐकू जात नाही. पण होळीच्या आधी महिनाभर तांड्यातल्या बायकांचे कान नव्या लेंगीसाठीच टवकारलेले असतात. यंदा कोणाच्या तांड्यात नवी चाल, नवे बोल, यावर मोठेपणा ठरतो. सुखीबाई काकी शेजारी बसून कशिदा करायची. तिनं ते उचललं, घासूनपुसून घेतलं, बायकांना शिकवलं, आणि पुष्पाला अचंबा वाटावा म्हणून तिच्यापासून लपवून ठेवलं. माया ती हीच!

"कशी हाये तुही इंग्रजी लेंगी?" रिंगणातूनच काकी ओरडली. बायका खिदळल्या. पुष्पाला हसणं भाग होतं. 'थांबा' म्हटलं तर 'काहून' म्हणून वीस तोंडं विचारणार, आणि काय सांगणार?

तेवढ्यात तिला निकिता दिसली. चुलत बहीण, रंगानं माखलेली, आणि हातात उभा धरलेला फोन.

"निकिता! काय करून राह्यली?"

"व्हिडिओ. मघाचा तं स्टेटसले टाकला बी! बायकाईनं काय मस्त म्हटलं वो!"

पुष्पा तिच्यापाशी धावली. तिनं फोन हिसकावला. कोणी कोणी पाहिलं ती नावं सरकवत गेली: मामा, मावशी, पुसदची आत्या, नेरचे सोयरे, कॉलेजच्या पोरी. आणि मधेच 'राजकुमार मुकुटबन'.

मुकुटबन गावचा राजकुमार म्हणजे पुष्पाचा होणारा नवरा. माघात सगाई झाली होती. पूर्वी मुलाकडून मुलीच्या बापाला बैल द्यायची रीत होती. आता कोण बैल बांधतो दारात? नारळ फुटतो, पान वाटतात, झालं. पण राजकुमारही तोच गेम खेळायचा. सगाईच्या मांडवात त्यानं पुष्पाच्या वॉलेटचा पत्ता मागून घेतला आणि सगळ्यांसमोर आपल्या फोनवरून एक पांढरा बैल पाठवला. "घ्या, रीत झाली!" म्हातारेकोतारे हसून हसून लोटपोट. पुष्पाला तर तो त्या दिवशी फारच आवडला होता. खोटं कशाला बोला?

नाव पाहून तिला उलट धीर आला. हा तर आपलाच. तिनं स्टेटस पुसून टाकलं, निकिताला 'माझे केस विस्कटलेले दिसतात' असं काहीबाही सांगितलं, आणि बादलला शोधायला पळाली.

बादल ऐकून आधी चिडला, मग त्यानं तिचा फोन पुढं ओढला.

"पासवर्ड बदलता येते," तो म्हणाला, "हे शब्द बदलता येत नाही. नवीन वॉलेट काढू अन् बैल तिकडं हाकलू. पण गोदामातलं काय?"

गोदाम! खरा जीव तिथंच अडकला होता. मोठी कमाई पुष्पानं गेममधल्या गोदामात कुलूपबंद करून ठेवली होती, वाढावी म्हणून. ते कुलूप रंगपंचमीला दुपारी उघडणार होतं, त्याआधी कोणाच्या बापाला उघडता आलं नसतं. आणि उघडलं की सारं याच जुन्या वॉलेटमध्ये येणार होतं.

आणि ती कमाई कशासाठी होती? यवतमाळच्या नर्सिंगच्या फीसाठी. हरिसिंगनं लेकीशी स्वच्छ बोली केली होती. "पाडव्यापर्यंत फीचे पैसे दाखव. दाखवले तं पहिले शीक, लगन मागून. नाई दाखवले तं अखातीजेले मांडव. मंग रडायचं नाई." अखातीज म्हणजे अक्षय्य तृतीया, पाडव्यानंतर महिनाभरानं. बाप वाईट नव्हता. पण त्याला खात्री होती की पैसे काही दिसायचे नाहीत.

बादलनं नवीन वॉलेट काढलं. जुन्यातून बैल हलवायचे तर नेटवर्कची थोडी फी लागते, आणि आत सुटं कॉइन एकही नव्हतं, म्हणून त्यानं आपल्याकडचे चिमूटभर कॉइन जुन्या वॉलेटमध्ये पाठवले. दोघं डोळे लावून बसले. कॉइन आले. पुष्पानं बोट उचललं, ते काचेवर टेकायच्या आत आकडा शून्य झाला.

"तुनं काही दाबलं?"

"नाई रे भिया. हातच नाई लावला."

बादलनं पुन्हा पाठवले. पुन्हा आले, पुन्हा गेले. त्यानं हळूच फोन उलटा ठेवला. "कोणीतरी आत बसून हाये," तो म्हणाला. "फी येऊच देऊन नाई राह्यला. म्हणजे बैल आपल्याले हलवता येणार नाहीत, अन् गोदाम उघडलं तं तोच पहिले हात मारीन."

"मंग तो बैल काहून नेत नाई?"

"कायची घाई हाये त्याले? पंचमीपर्यंत थांबून राह्यला."

त्यानंतरचे दिवस पुष्पानं कसे काढले ते तिचं तिलाच ठाऊक. घरात कोणी शिरलेलं नव्हतं, दार धड होतं, कुत्रं भुंकलं नव्हतं. तरी कोणीतरी आत होतं आणि तिच्या बैलांकडं बघत होतं. ती दर घटकेला गेम उघडायची, बैल मोजायची आणि बंद करायची. मग वाटायचं, आपण उघडलं हेही त्याला दिसत असेल. शेवटी फोन धान्याच्या कोठीवर पालथा घालून ठेवला, तरी नजर तिकडंच. तिनं जेवण टाकलं. रुपीबाईनं दोनदा कपाळाला हात लावून पाहिला, मीठ-मिरची ओवाळून टाकली.

सगळ्यात वाईट काय, तर ती माणसांकडं वेगळ्या नजरेनं बघायला लागली. ते स्टेटस परक्या कोणी पाहिलंच नव्हतं. जे कोणी होतं ते या नावांतलंच होतं. मामा आला, त्यानं सहज विचारलं, "काय बेटा, गेम चालू हाये का?" ती उठून कोठीपुढं आडवी उभी राहिली. कॉलेजच्या मैत्रिणीचा फोन आला, तो तिनं घेतलाच नाही. एकदा तर तिला बादलचाच संशय आला. शब्द त्याला ठाऊक, कॉइन त्यानं पाठवले, 'आत कोणी आहे' हेही त्यानंच सांगितलं. सख्ख्या भावाविषयी असलं मनात आलं म्हणून ती पाणी आणायच्या निमित्तानं बाहेर जाऊन रडली.

आणि बाहेर? बाहेर पोरं-बायका उठता-बसता तीच लेंगी म्हणत होती. रिव्हर, कॉपर, लॅडर रे. शेंबडी पोरं गल्लीतून ओरडत पळायची. प्रत्येक वेळी ती दार लावून घ्यायची.

तिनं राजकुमारला फोन केला. का? तर तो गेममधला जाणकार, आणि आपला माणूस. शब्द फुटल्याचं सांगितलं नाही, नुसतं विचारलं, "एखाद्याच्या वॉलेटात चोर घुसला तं काय करायचं?"

"काही नाही करता येत," तो म्हणाला. आवाज गोड. "जे जाते ते जाते. काहून? घाबरली का?"

"नाई. असंच."

"घाबरू नको. मी आहो ना."

त्या रात्रीपुरती तिला झोप लागली.

रंगपंचमीला दुपारी ती बादलच्या दुकानात जाऊन बसली. मालक जेवायला गेला होता. बादलनं शटर अर्धं ओढलं. ठरलं असं, की कुलूप उघडायच्या क्षणी एकानं फी पाठवायची आणि दुसरीनं 'काढा' दाबायचं. शर्यतच म्हणा ना. पुष्पाचा अंगठा घामानं ओला झाला होता. ती तो सारखा ओढणीला पुसत होती.

"आता!" बादल म्हणाला.

तिनं दाबलं. चाक फिरत राहिलं. मग खाली लाल अक्षरं आली: फी अपुरी. ती पुन्हा दाबणार, तोच गोदाम रिकामं झालं. तिनं काहीच केलेलं नसताना, तिच्या डोळ्यांसमोर, दोन वर्षांची लदेणी दुसरीकडं निघून गेली. आणि मग बैल निघाले. एक गेला, दुसरा गेला. ज्यांना तिनं नावं दिली होती ते सगळे, मोती, सोमला, काळ्या, एकामागून एक पडद्यावरून पुसले जात होते. पुष्पानं काचेवर हाताचा पंजा ठेवला. त्यानं काय होतं!

शेवटी एकच बैल उरला. पांढरा. सगाईचा.

"हा काहून सोडला?" बादल पुटपुटला. "हा तं महागाचा हाये."

पुष्पा त्या पांढऱ्याकडंच बघत होती. बादलनं माल कोणत्या पत्त्यावर गेला ते उघडलं. यातली ही एक गोष्ट मात्र बरी, की चोराचं नाव दिसत नसलं तरी वाट सगळ्या जगाला दिसते. लांबलचक आकडे-अक्षरांचा पत्ता. पुष्पानं त्याच्या हातून फोन घेतला, पांढऱ्या बैलावर बोट ठेवलं आणि तो कुठून आला होता ते काढलं. दोन्ही पत्ते शेजारी-शेजारी धरले. सुरुवातीची अक्षरं तीच, शेवटची अक्षरं तीच.

"माय वो," बादल म्हणाला, आणि मटकन स्टुलावर बसला.

पुष्पानं लावलेला फोन पहिल्याच घंटीला उचलला गेला. राजकुमार वाटच बघत असावा.

"तुमी घेतलं?" पुष्पानं विचारलं.

"घेतलं काय म्हणतं? काढून ठेवलं. तू बाराचे बारा शब्द तांड्याले शिकवशील, तं उद्या कोणीबी नेलं असतं. मायापाशी सुरक्षित हाये."

"मंग परत द्या."

"कायले?" तो हसला. रागावला असता तर बरं झालं असतं. "अखातीजेले तं तू येऊनच राह्यली. तुहं ते माहं. अन् पांढरा ठेवला ना तुयापाशी! रीतीचा हाये, तो नाही नेला मी."

"मले शिकायचं हाये. बापूनं सांगतलं होतं, पाडव्यापर्यंत..."

"माईत हाये मले. तुह्या बापूनंच सांगतली ती बोली. म्हणून तं." जरा थांबून तो म्हणाला, "आता कोणाले सांगू नको. बायकोनं नवऱ्याची चोरी सांगतली तं लोक तुलेच हसतीन."

फोन बंद झाला. अर्ध्या शटरखालून रस्त्यावरचं ऊन आत येत होतं. आतापर्यंत पुष्पा पैसे जातील म्हणून भीत होती. आता तिला पुढचा सगळा जन्म दिसला. त्या घरात तिच्या प्रत्येक गोष्टीत कोणीतरी असंच आत बसलेलं असणार, हसत, गोड बोलत, आणि तिच्यासाठी एक पांढरा बैल सोडत. ही भीती वेगळी होती.

बादल म्हणाला, "पोलिसात जाऊ."

"अन् काय सांगू? माह्या होणाऱ्या नवऱ्यानं गेममधले बैल नेले?"

तांड्यात आले तेव्हा नायकाच्या घरापुढं रंग चालला होता. पुरुष एका अंगाला ढफ घेऊन बसलेले, त्यांत हरिसिंगही. सुखीबाई काकीनं लांबूनच हाक मारली, "आली माही इंग्रजी लेंगीवाली! ये, म्हण!"

पुष्पा रिंगणात गेली. एकदा वाटलं, गप राहावं. सगाई मोडलेली पोरगी तांड्यात कशी जगते ते तिनं पाहिलं होतं. बापाची मान खाली जाईल, नायकापुढं बसावं लागेल, मुकुटबनचे लोक काय काय बोलतील. मग तिला तो हसल्याचा आवाज आठवला. तिनं काकीचा हात धरला, डोळे मिटले आणि म्हटलं,

"मुकुटबनेरो वेतडू रे भिया, एक बळद दिनो रे... एक बळद दिनो रे भिया, सारी लदेणी लेगो रे!"

मुकुटबनच्या नवरदेवानं एक बैल दिला आणि सारी लदेणी नेली. इंग्रजी नव्हतंच, तांड्यातल्या शेंबड्या पोरालाही कळलं. रुपीबाईनं तोंडाला पदर लावला. पण सुखीबाई काकी लेंगीवाली, नवी कडी कानावर पडली आणि सोडली असं तिच्या हातून जन्मात झालं नाही. तिनं उचलली. मागून वीस जणींनी उचलली.

निकितानं सवयीनं फोन उभा धरला होता. आता भीतभीत खाली घेत होती. "धर," पुष्पा म्हणाली. "अन् टाक स्टेटसले."

हरिसिंग उठला. ढफ थांबला, तशा बायकाही थांबल्या. तो रिंगण ओलांडून लेकीपुढं येऊन उभा राहिला. पुष्पाला वाटलं, आता हात उठणार. तिनं मान वळवली नाही.

"खरं हाये?"

"हो बापू. भियानं पाहिलं हाये."

"सारी नेली? फीचे बी?"

"सारी. पांढरा तेवढा ठेवला."

"पाडव्याची ती बोली मीच सांगतली त्याले," हरिसिंग म्हणाला. "फुशारकीनं सांगतलं मी." त्याचा चेहरा भलताच कसनुसा झाला. मग तो परत जाग्यावर गेला, मांडी घातली, ढफ मांडीवर ओढला आणि जोरात थाप मारली. "म्हणा. काहून थांबल्या?"

सूर्य बुडायच्या आत ती लेंगी पुसदला, नेरला, मुकुटबनला, जिथं जिथं सोयरे होते तिथं पोचली. राजकुमारचे फोनवर फोन आले, पुष्पानं घेतले नाहीत. मग निरोप आला: 'गाणं काढ. पाठवून राह्यलो.' बादलनं नव्या वॉलेटचा पत्ता पाठवला आणि खाली लिहिलं, 'पहिले पाठव.' दिवा लागायच्या वेळी नव्या वॉलेटमध्ये लदेणी परत आली. मोती, सोमला, काळ्या, आणि गोदामातलं सगळं.

तेवढ्यात हरिसिंगचा फोन वाजला. राजकुमारचा बाप किसनराव. आवाज इतका मोठा, की खाटेवर बसलेल्या सगळ्यांना ऐकू येत होता. "पोराईचं खेळणं हाये व्याही, मनावर घेऊ नका. दिलं ना त्यानं वापस? ते गाणं काढा, अन् अखातीज पक्की समजू ना?"

हरिसिंगनं फोन छातीशी धरला आणि लेकीकडं पाहिलं. रुपीबाईही पाहत होती.

पुष्पानं जुनं वॉलेट उघडलं. बादलनं न सांगता त्यात फी टाकली. दोघं वाट बघत राहिले. या वेळी ती कोणी नेली नाही. पांढरा बैल तिथंच उभा होता. तिनं अंगठा दुपारसारखाच ओढणीला पुसला, भीती काही गेली नव्हती, पण दाबलं.

रीतीचा बैल परत गेला, की सगाई मोडली. हे तांड्यात कोणाला समजावून सांगावं लागत नाही.

"काय म्हणता व्याही?" फोनमधून किसनराव विचारत होता.

"बैल निघाला तुमचा," हरिसिंग म्हणाला. "बांधून घ्या."